तो 'नाही' कवयित्रीचा नव्हता

तीन वर्षांपूर्वी मी एका दीर्घकवितेवर लिहिलं होतं. कविता एका वेबअंकात आली होती. सोलापूरच्या चादर कारखान्यात उभी हयात घालवलेल्या आईवर मुलीने लिहिलेली. तिच्यातल्या एका शब्दावर मी जवळजवळ अख्खा परिच्छेद खर्च केला. ओळ अशी होती: 'चादरीत माझ्या नावाचा एकही धागा नाही'. मला मात्र ती दोन ओळींत दिसली होती. 'धागा'पाशी पहिली संपत होती आणि खाली 'नाही' एकटाच उभा होता, त्याच्या उजवीकडे सगळी पांढरी जागा. मी लिहिलं, की इथे कवयित्री नकाराला स्वतःची ओळ देते, त्याच्या आधी श्वास रोखून धरते आणि कवितेचा सगळा राग त्या पांढऱ्या जागेत साठतो. परिच्छेद जमला होता. दोघातिघांनी त्याचा स्क्रीनशॉट स्टेटसला ठेवला. मी खूश.

आठवड्याने कवयित्रींचा फोन आला. त्या माझ्याहून पंचवीसेक वर्षांनी मोठ्या; मी त्यांना ताई म्हणतो.

"छान लिहिलंयस रे," त्या म्हणाल्या, "पण त्या 'नाही'ला मी एकटं सोडलं नव्हतं. माझ्या वहीत ती ओळ सलग आहे. तू कविता वाचलीस कुठे?"

"फोनवर, ताई."

"मग तू तुझ्या फोनचं कौतुक केलंयस."

त्या हसत होत्या, मला हसू येत नव्हतं. समीक्षा करणाऱ्याचं पहिलं काम समोरची संहिता नीट बघणं. मी बघितली होती, अगदी बारकाईने. पण ती संहिता कवयित्रीची नव्हती.

त्या रात्री घरातले तीन फोन टेबलावर मांडून तेच पान उघडलं. माझ्या फोनवर 'नाही' एकटा. भावाच्या फोनवर अक्षर बारीक ठेवलेलं, तिथे ओळ सलग. आईने डोळ्यांसाठी अक्षर मोठं करून घेतलंय, तिच्या फोनवर 'एकही'पाशी ओळ मोडलेली आणि खाली 'धागा नाही'. एक कविता, तीन ठिकाणी तीन वेगळे श्वास. आईच्या फोनवर वाचली असती तर 'धागा नाही' या दोन शब्दांच्या जोडीवरही मी तितक्याच आत्मविश्वासाने लिहिलं असतं, याची मला खात्री आहे. हीच गोष्ट जास्त टोचली.

तो अंक चालवणारा मित्रच त्याची तांत्रिक बाजू सांभाळतो. त्याला विचारलं तेव्हा कळलं, की महिनाभर आधीपर्यंत हे पान 'बिघडलेलं' होतं. फोनवर उघडलं की सगळं पान मुंगीएवढ्या अक्षरांत दिसायचं, दोन बोटांनी मोठं करून डावीउजवीकडे सरकवत वाचायला लागायचं. वाचकांनी कुरकुर केली आणि त्याने पानाच्या डोक्यावर एक ओळ टाकून ते दुरुस्त केलं. म्हणजे पान बिघडलेलं होतं तेव्हा कविता शाबूत होती. पान दुरुस्त झालं आणि कविता मोडली.

हे कसं होतं ते समजून घेण्यासारखं आहे, कारण तुम्ही हा लेखही बहुतेक फोनवरच वाचत असणार. २००७ साली पहिला आयफोन आला तेव्हा वेबवरची पानं कॉम्प्युटरच्या रुंद पडद्यासाठी बनवलेली होती आणि फोनचा पडदा होता जेमतेम ३२० पिक्सेल रुंद. मग त्यातल्या सफारी ब्राउझरने एक सोंग घेतलं. आपली रुंदी ९८० पिक्सेल आहे असं मानून तो पान मांडायचा आणि मांडलेलं अख्खं पान आकसून पडद्यावर बसवायचा. बाकीच्या ब्राउझरांनीही पुढे असंच काहीतरी केलं. ज्या पानाला हे सोंग नको असेल त्याने डोक्यावर व्ह्यूपोर्ट नावाचा मेटा टॅग लावायचा आणि त्यात सांगायचं, की बाबा, तुझी जी खरी रुंदी आहे तीच धर. माझ्या मित्राने टाकलेली ओळ हीच. टॅग नसताना कवितेला ९८० पिक्सेल मिळत होते, ओळी आपल्या लांबीने ऐसपैस पडत होत्या, फक्त वाचता येत नव्हत्या. टॅग आल्यावर तिला ३६० पिक्सेल मिळाले. अक्षर वाचण्याजोगं झालं आणि जी ओळ मावली नाही ती मावेल तिथे मोडली गेली.

यामागे एक विचार आहे आणि तो वाईट नाही. जॉन ऑलसॉपने २००० साली एका निबंधात डिझायनरांना सांगितलं होतं, की वेबचं पान म्हणजे कागद नव्हे. ते वाचणाऱ्याच्या पडद्याप्रमाणे बदलणार, तेव्हा त्यावरची हुकमत सोडायला शिका. २०१० मध्ये ईथन मार्कॉटने त्याच धाग्यावर 'रिस्पॉन्सिव्ह वेब डिझाइन' हे नाव रूढ केलं. दोघांचे निबंध 'अ लिस्ट अपार्ट' या वेबनियतकालिकात आले होते. आज बातमी असो, रेल्वेचं तिकीट असो की हा लेख, फोनवर सुखाने वाचता येतो तो याच विचारामुळे. त्याच्याशी माझं भांडण एकाच जागी आहे. मजकूर ज्या भांड्यात ओताल त्या भांड्याचा आकार घेतो, हे तो गृहीत धरतो. गद्य घेतं. माझ्या या वाक्याची ओळ तुमच्या फोनवर कुठे मोडली याने मला काडीचा फरक पडत नाही. पण मुक्तछंदाच्या कवितेत ओळ कुठे संपते हा मजकुराचाच भाग असतो. तो बदलला तर मजकूर बदलला.

इथे थोडं मागे जावंसं वाटतं, कारण आपल्याकडे ही अडचण नेहमी नव्हती. जुनी हस्तलिखित पोथी पाहिली असेल तर आठवा. लेखनिक आडव्या पानाच्या समासापर्यंत अक्षरं भरत जातो, शब्दांमध्येही जागा सोडत नाही आणि ओवी ओळीच्या मध्येच कुठेतरी संपते. ती संपल्याचं कळतं दंडावरून, आकड्यावरून आणि मुख्य म्हणजे कानावरून. ज्ञानेश्वरीच्या ओवीतले पहिले तीन चरण यमकाने बांधलेले, चौथा आखूड आणि मोकळा. ही खूण पानावर नसते, उच्चारात असते. त्यामुळे ज्ञानेश्वरी पोथीत वाचा, छापील पुस्तकात वाचा, नाहीतर लोकलमध्ये लटकत चार इंची पडद्यावर वाचा, ओवी मोडत नाही. फोनने तिचं काही बिघडवता येत नाही. अभंगाचंही तेच. मर्ढेकर कितीही नवे असले तरी त्यांच्या बऱ्याच कवितांना ओवी-अभंगाचा आणि जात्यांचा कणा आहे, तेही फोनवर बऱ्यापैकी तग धरतात.

तग धरत नाही ती पानावर विश्वास टाकलेली कविता. कवी अनिलांनी मराठीत मुक्तछंद रुजवला त्यानंतर ओळीचा शेवट कानाकडून हळूहळू डोळ्याकडे आला. 'गोलपिठा'मधल्या लांबलचक ओळी घ्या, त्या दमछाक करण्यासाठीच लांब आहेत. ३६० पिक्सेलमध्ये त्यांचे तीनतीन तुकडे पडले की ढसाळांचा धपापणारा वेग जाऊन तिथे एक शहाणी, टापटीप, आखूड ओळींची कविता उभी राहते. अरुण कोलटकर तर जाहिरातक्षेत्रातले कलादिग्दर्शक. ओळ किती रुंद दिसते याचं भान त्यांना नसेल असं कोण म्हणेल? अशा कवितांवर तरुण वाचकाने फोनवर वाचून मत बनवलं, तर ते कोणत्या कवितेबद्दलचं मत?

हे दुखणं फक्त मराठीचं नाही. अमेरिकन कवी जॉन अ‍ॅशबेरी यांचे संग्रह २०११ मध्ये ई-पुस्तकरूपात आले तेव्हा त्यांच्या ओळींचे शेवट नाहीसे होऊन कडवी गद्यासारखी एकमेकांत मिसळलेली त्यांना दिसली. त्यांनी तक्रार केली, प्रकाशकाने ती पुस्तकं मागे घेतली आणि २०१४ मध्ये दुसऱ्या प्रकाशकाने ओळींची काळजी घेऊन सतरा संग्रह ई-पुस्तकरूपात काढले. अ‍ॅशबेरींचं वजन होतं म्हणून हे झालं. आपल्याकडच्या वेबअंकात पहिली कविता छापून आलेल्या मुलीने "माझी ओळ मोडली" असं कळवलं तर उत्तर येतं, "मोबाइलवर तसंच दिसतं."

तसंच दिसायला हवं असं नाही. त्या तीन फोनांच्या रात्रीनंतर मी आणि मित्राने दोन रविवार घालवून कवितेच्या पानावर निरनिराळे उपाय करून पाहिले. त्यांच्याबद्दल मी आता समीक्षक म्हणूनच बोलतो, कारण प्रत्येक उपाय म्हणजे 'कवितेत मोलाचं काय' या प्रश्नाला दिलेलं एकेक उत्तर आहे.

पहिला उपाय, ओळ मोडूच द्यायची नाही. कविता 'प्री' टॅगमध्ये टाकली की ओळ आहे तशी राहते आणि पडद्याबाहेर निघून जाते. वाचायची तर बोटाने ओढून आणायची. प्रत्येक लांब ओळीला उजवीकडे जा, परत डावीकडे ये. ही निष्ठा आहे, पण कर्मठ. वाचताना लय ओळीची न राहता बोटाची होते.

दुसरा उपाय, अक्षर एवढं लहान करायचं की सर्वांत लांब ओळही मावेल. याबद्दल माझ्या आईला विचारा.

तिसरा उपाय तुम्हा सगळ्यांच्या ओळखीचा: कवितेचं चित्र करून टाकायचं. इन्स्टाग्रामवर, व्हॉट्सअ‍ॅपवर कविता फिरते ती याच रूपात, आणि खरं सांगायचं तर ओळ सांभाळण्यात चित्राइतकं भरवशाचं काही नाही. मला तर चित्रातल्या मराठीबद्दल जुनी मायाही आहे. कॉलेजात असताना माझ्या साध्या फोनवर देवनागरीच्या जागी नुसते चौकोन दिसायचे. मग कुणीतरी ऑपेरा मिनीची युक्ती सांगितली: पत्त्याच्या पट्टीत 'ऑपेरा:कॉन्फिग' लिहायचं आणि 'यूज बिटमॅप फाँट्स फॉर कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट्स' या पर्यायापुढे 'येस' निवडायचं. मग ऑपेराचा सर्व्हर अक्षरांची चित्रं करून फोनकडे पाठवायचा. चौकोनांच्या जागी पहिल्यांदा 'मराठी' हा शब्द उमटलेला पाहिला तेव्हा मी हॉस्टेलच्या जिन्यात बसलो होतो, ती पायरीसुद्धा आठवते. पण तेव्हा चित्र ही नाइलाजाची गोष्ट होती. आज फोनला देवनागरी उत्तम येत असताना कवितेचं चित्र करणं म्हणजे तिला काचेच्या पेटीत ठेवणं. ती शोधता येत नाही, तिच्यातली ओळ उचलता येत नाही, आईला अक्षर मोठं करता येत नाही. टॉकबॅक लावून फोन ऐकणारा माझा एक दृष्टिहीन मित्र आहे, त्याच्यासाठी तर तिथे काहीच नसतं.

आम्ही शेवटी जो उपाय ठेवला तो जुना आहे, छापखान्यातला. ओळ पानात मावली नाही तर उरलेला तुकडा खाली थोडा आत सरकवून लावायचा. व्हिटमनच्या 'लीव्ज ऑफ ग्रास'च्या १८५५ च्या आवृत्तीतही लांब ओळी अशाच दुमडलेल्या आहेत. आत सरकलेलं दिसलं की वाचकाला कळतं, ही नवी ओळ नव्हे, वरचीच चालू आहे. वेबवर यासाठी एवढंच करावं लागतं: कवितेच्या प्रत्येक ओळीला स्वतंत्र ठोकळा द्यायचा, सीएसएसमध्ये डावीकडचं पॅडिंग २ ईएम आणि टेक्स्ट-इंडेंट उणे २ ईएम ठेवायचं. मेख आहे ती 'स्वतंत्र ठोकळा' या शब्दांत. बहुतेक वेबअंकांत अख्खं कडवं एकाच परिच्छेदात असतं आणि ओळी नुसत्या 'बीआर' टॅगने तोडलेल्या असतात. तिथे ही युक्ती फक्त पहिल्या ओळीपुरती चालते. म्हणजे कुणीतरी बसून प्रत्येक ओळ वेगळी बांधायला हवी, आणि त्यासाठी कोणती ओळ खरी हे माहीत हवं. आम्ही ताईंची वही मागवली. २१४ ओळींच्या त्या कवितेत सात ठिकाणी आम्हालाच ठरवता येईना, की ओळ ताईंनी तोडली आहे की त्यांच्या वहीचं पान संपलं आहे. फोन करून विचारलं. दोन जागांबद्दल त्यांनाही आठवेना.

पान दुरुस्त करायला बसलो होतो आणि करत होतो पाठसंपादन. हे काम आपण प्रोग्रामरच्या गळ्यात मारून मोकळे होतो आणि मग तो त्याच्या समजुतीप्रमाणे करतो, यात त्याचा दोष नाही.

समजूत कशी असते याचा एक नमुना सांगतो. पान वेडंवाकडं दिसलं की आपण ब्राउझरचा 'रीडर मोड' लावतो. जाहिराती, पट्ट्या, मेनू सगळं जातं, मजकूर उरतो. वरदानच आहे. फायरफॉक्सचा रीडर ज्या प्रोग्रामवर चालतो तो रीडॅबिलिटी, आणि त्याचा कोड कुणालाही वाचता येतो. पानातला 'खरा मजकूर' कोणता हे ठरवायला तो परिच्छेदांना गुण देतो. लांबीला गुण, स्वल्पविरामांना गुण. २५ कॅरेक्टरपेक्षा लहान परिच्छेद तो मोजतच नाही. समीक्षक म्हणून मला हा सिद्धान्त वाचून गंमत वाटली: साहित्य म्हणजे लांब आणि स्वल्पविरामयुक्त असं काहीतरी. आखूड ओळींच्या कवितेला या परीक्षेत काठावर पास व्हायचीही मारामार. कवितेच्या पानावर रीडर लावला आणि कविता जाऊन खालचा कविपरिचय तेवढा उरला, असं मी स्वतः पाहिलं आहे.

अक्षरांच्या पातळीवरही असंच चालतं. त्याच कवितेत 'दोऱ्या' हा शब्द 'दोर्या' असा दिसत होता आणि मी मुद्रणदोष समजून पुढे गेलो होतो. दोष टायपिंगचा नव्हता. मराठीतला हा आडवा, पापणीसारखा र लिहायच्या युनिकोडमध्ये दोन रीती आहेत. त्यातल्या एकीत र आणि हलन्तानंतर एक न दिसणारं जोडचिन्ह असतं. मित्राच्या यंत्रणेत मजकूर चिकटवला की 'अदृश्य कचरा' साफ करणारी एक सोय होती, तिने ते चिन्हही झाडून टाकलं. 'दोर्या' निदान चूक म्हणून ओळखू तरी येतो. 'दऱ्या'चा 'दर्या' झाला असता तर डोंगराच्या कवितेत समुद्र आला असता आणि कदाचित मी त्यावरही परिच्छेद लिहिला असता. रोमन लिपीसाठी बनवलेल्या आराखड्यांचे बाकीचे प्रताप तुम्ही रोज बघताच: अक्षरांत अंतर टाकल्यामुळे शिरोरेषा तुटलेली शीर्षकं, ओळींतलं अंतर कमी पडून वरून छाटलेल्या वेलांट्या.

वाचक म्हणून तुमच्या हातात काय आहे? बरंच आहे. कविता वाचताना ओळ संशयास्पद वाटली तर फोन आडवा करा. जी मोड जागेवरून हलली ती कवीची नव्हे. क्रोमच्या मेनूतलं 'डेस्कटॉप साइट' लावलं तर ते ९८० चं जुनं सोंग परत येतं, अक्षर मुंगीएवढं होतं, पण ओळींच्या खऱ्या लांब्या एका नजरेत दिसतात. नकाशा बघावा तसं बघायचं आणि परत येऊन वाचायचं. मी त्या दिवशी फोन नुसता आडवा केला असता तर हा लेख लिहायची वेळ आली नसती.

एक प्रश्न मात्र फोन आडवा करून सुटत नाही. अलीकडे माझ्याकडे ज्या तरुणांच्या कविता वाचायला येतात त्यांतल्या बहुतेक फोनवरच लिहिलेल्या असतात, नोट्समध्ये. त्या फोनवर अजिबात मोडत नाहीत, कारण त्यांची ओळ आधीच फोनएवढी आहे. चारपाच शब्द झाले की ओळ संपते. एका मुलाला विचारलं, इथे का तोडलीस? तो म्हणाला, "इथे कडेला आली होती, सर." त्याला कविता कळते, हे त्याच्या बाकीच्या ओळींवरून दिसत होतं. पण कडा फोनची होती आणि त्याने ती आपली मानली होती. अशा ओळीला काय म्हणायचं, त्याची की फोनची? वहीचं पान संपलं म्हणून ओळ तोडली की नाही हे ताईंना आठवत नव्हतं, तेव्हा त्या ओळी कुणाच्या होत्या? मला याचं उत्तर सापडलेलं नाही. एवढं मात्र झालंय, की आखूड ओळींच्या कवितेला 'संयत', 'अल्पाक्षरी' वगैरे म्हणण्याआधी मी आता दोनदा थांबतो.

माझा जुना लेख अजून त्याच अंकात आहे. संपादक म्हणाला, तो परिच्छेद काढून टाकू. मी नको म्हटलं. त्याच्याखाली एक टीप घातली आहे: हे वाचन ३६० पिक्सेल रुंदीच्या पडद्यावर केलेलं आहे, मूळ ओळ सलग आहे.

दुरुस्त केलेल्या पानाची लिंक ताईंना पाठवली. त्यांच्या फोनवरही ती ओळ मावत नाही, 'नाही' खाली येतोच, फक्त आता दोन अक्षरं आत सरकून. संध्याकाळी त्यांचा मेसेज आला: "आता बरोबर आहे. आता तो आईच्या मागे लपून उभा राहिलाय."